रात्र : एका शब्दाची कुळकथा

(सायखेडा, ता. निफाड, जि. नाशिक येथे नवरात्रात झालेल्या व्याख्यानाचे शब्दांकन)



आश्विन शुद्ध प्रतिपदेला गोदाकाठच्या घराघरांत घट बसतात आणि त्या दिवशी आजीबाईंच्या तोंडी एक वाक्य हमखास असते : ‘नवरात्र बसलं.’ बसले ते. बसली ती नव्हे. मराठीत रात्र स्त्रीलिंगी आहे, शिवरात्र स्त्रीलिंगी आहे, मध्यरात्रही स्त्रीलिंगी आहे. मग अशा नऊ रात्री एकत्र आल्याबरोबर त्यांचे लिंग पालटते ते का? संस्कृत व्याकरणाने याचे उत्तर फार पूर्वीच देऊन ठेवले आहे. समासाच्या अंती ‘रात्रि’ शब्द आला म्हणजे काही ठिकाणी त्याचे ‘रात्र’ असे रूप होते, आणि त्या समासाच्या आरंभी संख्या असेल तर तो समास नपुंसकलिंगी होतो, असा लिंगानुशासनाचा नियम आहे. ज्या आजीबाईंनी शाळेचा उंबरठा कधी ओलांडला नाही, त्या हा नियम अचूक पाळतात. उलट शहरांतील फलकांवर आणि दूरदर्शनच्या पडद्यावर मात्र ‘नवरात्री सुरू झाली’ असे सर्रास लिहिले-बोलले जाते. व्याकरण ग्रंथात जेवढे जगते त्याहून अधिक ते स्वयंपाकघरात आणि देवघरात जगते, याचा याहून सोपा दाखला शोधूनही सापडणार नाही.

या उत्सवाच्या नावात आणखी एक गोष्ट दडलेली आहे. येथे गणना रात्रींची आहे. दिवस मोजावेत आणि रात्र त्यात धरून चालावे, ही आजची सवय. वैदिक परंपरेची सवय नेमकी याच्या उलट होती. सोमयागांत अतिरात्र आहे, दशरात्र आहे, द्वादशरात्र आहे. धर्मशास्त्रात आशौचाचा काळ त्रिरात्र, दशरात्र असा सांगितलेला आहे. वैष्णव आगमांच्या एका थोर परंपरेचे नावच पांचरात्र असे आहे. चंद्रावर ज्यांची कालगणना उभी आहे त्यांना काळाची खूण रात्रीच्याच आकाशात दिसणार, हे उघड आहे. चंद्राची कला वाढली की घटली, तो आज कोणत्या नक्षत्राजवळ आला, हे सूर्यप्रकाशात कोणी पाहू शकत नाही. ही रीत एकट्या भारताची होती असेही नाही. गॉल लोक काळ रात्रींनी मोजतात असे ज्युलिअस सीझरने लिहून ठेवले आहे, जर्मन टोळ्यांविषयी टॅसिटसने तेच लिहिले आहे, आणि इंग्रज माणूस पंधरवड्याला जो ‘फोर्टनाइट’ शब्द वापरतो त्याचा अर्थ ‘चौदा रात्री’ एवढाच आहे. नाशिक जिल्ह्यातील भगूर गावचे सुपुत्र स्वातंत्र्यवीर सावरकर यांनी भाषाशुद्धीच्या चळवळीतून ‘तारीख’ शब्दाच्या जागी ‘दिनांक’ रुळविला, आणि तो आज सर्व सरकारी कागदांवर आहे. वैदिक ऋषींनी तो शब्द घडविला असता तर कदाचित त्यात ‘दिन’ नसता, ‘रात्र’ असती.

‘रात्रि’ हा शब्द संस्कृतात प्राचीन आहे, परंतु त्याहूनही दूरवर पसरलेल्या कुळातील एक शब्द ऋग्वेदात त्याच्या शेजारी नांदतो. तो शब्द म्हणजे ‘नक्त’. लॅटिनमधील ‘नॉक्स’, ग्रीकमधील ‘निक्स’, जर्मनमधील ‘नाख्ट’, लिथुआनियनमधील ‘नाक्तिस’, रशियनमधील ‘नोच’ आणि इंग्रजीतील ‘नाइट’ हे सारे या ‘नक्त’चे सगोत्र होत. इ.स. १७८६ मध्ये कलकत्त्याच्या एशियाटिक सोसायटीत सर विल्यम जोन्स यांनी संस्कृत, ग्रीक आणि लॅटिन यांच्या नात्याकडे युरोपीय विद्वानांचे लक्ष वेधले, ते अशाच साम्यांच्या आधारावर. या नात्यावरून पुढे माणसांच्या स्थलांतराविषयी किती वाद माजले हे सर्वांना ठाऊक आहे. ते वादाचे क्षेत्र निराळे, आणि त्याची साधनेही निराळी. शब्दांचे नाते मात्र ज्याला कान आहेत त्याला ऐकू येते.

ऋग्वेदात नक्त आणि उषा या दोन बहिणी आहेत. दोघींची नावे जोडून एकच द्वंद्व समास केला जातो, इतक्या त्या अभिन्न. एकीचा वर्ण काळा, दुसरीचा उजळ, वाट एकच, एक आली की दुसरी सरते, त्या कधी एकमेकींवर आदळत नाहीत आणि कधी थांबत नाहीत. अंधार आणि प्रकाश यांना परस्परांचे वैरी मानणारी विचारसरणी जगात अन्यत्र पुष्कळ आढळते. येथे मात्र त्या सख्ख्या बहिणी आहेत आणि दोघी मिळून एकाच बालकाला, अग्नीला, पाजतात. घरोघरी अखंड नंदादीप तेवत असताना हे चित्र डोळ्यांपुढे आणावे.

हा ‘नक्त’ मराठीतून गेला असे कोणी म्हणेल, पण तो गेलेला नाही. दिवसभर उपोषित राहून रात्रीच्या आरंभी एकदाच जेवायचे, या व्रताला आजही ‘नक्त’ म्हणतात. नवरात्रात कोणी नऊही दिवस उपवास करतो, कोणी एकभुक्त राहतो, कोणी नक्त करतो. ज्या घरात ‘यंदा माझं नक्त आहे’ असे एखादी सासूबाई सुनेला सांगते, त्या घरात व्हिल्नियसपासून रोमपर्यंत पसरलेल्या एका शब्दकुळाचा वारस सांभाळला जातो. सासूबाईंना त्याची कल्पना नसते एवढेच.

यास्काचे दोन पर्याय

आता प्रत्यक्ष ‘रात्रि’ शब्दाकडे वळावयाचे. ऋग्वेदात त्याचे रूप दीर्घान्त ‘रात्री’ असे आहे. ऱ्हस्वान्त रूप पुढे रूढ झाले, आणि पाणिनीने या दोन रूपांची व्यवस्था लावण्यासाठी एक स्वतंत्र सूत्र खर्ची घातले. व्युत्पत्ती सांगण्याचे काम मात्र यास्काचार्यांच्या ‘निरुक्ता’ने केले. यास्कांची पद्धत मोठी लोभस आहे. आधी ते प्रश्न करतात की, हे नाव कशावरून पडले? आणि मग एकाच उत्तरावर अडून न राहता दोन-तीन शक्यता श्रोत्यापुढे ठेवतात.

पहिली शक्यता ‘रम्’ धातूची. रात्री संचार करणाऱ्या प्राण्यांना ती रमविते आणि इतरांना ती विराम देते, स्थिर करते. एकाच धातूतून रमणे आणि विरमणे हे दोन्ही अर्थ यावेत, यात त्या धातूचे सामर्थ्य आहे. घुबड, वटवाघूळ आणि रातवा यांच्यासाठी तीच वेळ आनंदाची. गाय, बैल, पाखरे आणि माणूस यांच्यासाठी विसाव्याची. एकाच रात्रीत दोन संसार आळीपाळीने चालतात, हे निरीक्षण वनात राहणाऱ्या माणसाचे आहे.

दुसरी शक्यता ‘रा’ धातूची. ‘रा’ म्हणजे देणे. रात्र काय देते? नंतरच्या टीकाकारांनी ‘सुख देते’ असे सर्वसाधारण उत्तर दिले. यास्कांचे उत्तर अधिक नेमके आहे. ते म्हणतात की, तिच्या ठायी दव दिले जाते.

हे उत्तर सायखेड्याच्या शेतकऱ्याला समजावून सांगण्याची आवश्यकता नाही. हरभऱ्याच्या शेतात रात्री पातळ फडके पसरून पहाटे ते पिळणारी आणि ती आंब बाटलीत भरून पोटदुखीच्या औषधासाठी जपणारी पिढी अजून सर्वस्वी लोपलेली नाही. पाऊस सरल्यावर, काळ्या रानात मुरलेल्या ओलीवर आणि पहाटेच्या दवावर हरभरा आणि गहू वाढत असे. त्याला पाणी द्यावे लागत नसे. रात्रीने दिलेले ते दान होते. पण त्याच दानाने आज निफाड तालुक्यातील द्राक्ष बागाईतदाराची झोप उडते. ऑक्टोबर छाटणीनंतर कोवळी फूट निघालेली असावी आणि रात्रभर दव पडून पान ओले राहावे, म्हणजे सकाळी डावणीच्या भीतीने फवारणीची धावपळ आलीच. पुढे पौषात थंडीचा कडाका वाढला की मणी तडकू नयेत म्हणून बागेत शेकोट्या पेटवून जागावे लागते. निफाडजवळील कुंदेवाडीच्या गहू संशोधन केंद्रातील तापमानाचे आकडे दर हिवाळ्यात वृत्तपत्रांत झळकतात, ते काही उगाच नव्हे. यास्कांनी ‘देणे’ म्हटले. जे दिले जाते ते कोणाला मानवते आणि कोणाला नाही, हे पिकावर अवलंबून.

येथे जाता जाता एक गंमत नमूद करण्याजोगी आहे. फारसीत दवाला ‘शबनम’ म्हणतात. ‘शब’ म्हणजे रात्र, ‘नम’ म्हणजे ओल. म्हणजे यास्क आणि इराणी माणूस यांच्या डोळ्यांना एकच गोष्ट दिसली. शिवाय हे ‘शब’ म्हणजे अवेस्तातील ‘क्षप्’, आणि संस्कृतातील ‘क्षपा’ ही त्याची बहीण. तिचाही अर्थ रात्रच. महाराष्ट्रात या शब्दाच्या नशिबी मात्र एक वेगळेच भाग्य आले. कवी, पत्रकार आणि चळवळीतील कार्यकर्ते खांद्याला जी कापडी झोळी अडकवीत, तिचे नाव ‘शबनम’ पडले. रात्रीच्या ओलीची झोळी!

रात्रिसूक्त आणि उसातला बिबट्या

ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातील १२७ वे सूक्त हे रात्रिसूक्त. अवघ्या आठ ऋचांचे, गायत्री छंदातले. परंपरा त्याच्या द्रष्ट्यांमध्ये कुशिक सौभर यांच्याबरोबर रात्रि भारद्वाजी या ऋषिकेचेही नाव घेते. सप्तशतीच्या पाठापूर्वी हे सूक्त म्हणण्याची रीत असल्यामुळे नवरात्रात ते अनेक घरांत कानी पडते. त्यात रात्र ही काळोखाची राक्षसी नाही. ती असंख्य डोळ्यांनी, म्हणजे ताऱ्यांनी, पाहत येते. आपल्या तेजाने तीच अंधाराला दूर सारते. गावे निजतात, पाखरे घरट्यांत परततात, ससाण्यासारखा उडणारा पक्षीही विसावतो. आणि मग एक अगदी साधी, घरगुती मागणी येते : लांडगा आणि लांडगी यांना आमच्यापासून दूर ठेव, चोराला दूर ठेव, आणि आम्हाला सुखरूप पलीकडे ने.

हे सूक्त हजारो वर्षांपूर्वीचे. परंतु गोदाकाठच्या वस्तीवरील माणसाला ही मागणी जुनी वाटत नाही. लांडग्याच्या जागी बिबट्या आला, एवढाच फरक. नदीकाठचा ऊस हे बिबट्याचे घर झाले आहे. त्यातच वळणे घेतात, त्यातच पिले होतात. आणि नेमका याच रानात शेतकऱ्याला रात्री उतरावे लागते, कारण शेतीपंपांना वीज आळीपाळीने मिळते. एखादा आठवडा दिवसा, एखादा आठवडा रात्री. थंडीत कांद्याला पाणी भरायचे असेल तर रात्री मोटर सुरू करणे, हातात बॅटरी आणि काठी घेऊन बारे धरणे, हे त्याच्या नशिबी येते. ‘रात्रीचा दिवस करणे’ हा वाक्प्रचार शहरात परीक्षेच्या अभ्यासाला लावतात. येथे त्याचा अर्थ शब्दशः आहे. यास्कांनी ज्यांना विराम मिळतो म्हटले त्या वर्गातून शेतकरी बाहेर काढला गेला आणि निशाचरांत ढकलला गेला. राज्य शासनाने २०१७ मध्ये मुख्यमंत्री सौर कृषी वाहिनी योजना आणली, २०२३ मध्ये तिचा दुसरा टप्पा जाहीर केला. शेतीला दिवसा वीज मिळावी, हा तिचा हेतू. ज्या वाडीवर ती पोहोचली तेथील माऊलीला रात्रिसूक्ताचा अर्थ पंडितांहून चांगला कळला असेल. ज्या वाडीवर ती पोहोचलेली नाही, तेथे मोटरीवर गेलेला माणूस परत येईपर्यंत दाराची कडी लागत नाही.

अशा घरांत रात्रीची भाषाही जपून वापरली जाते. दिवेलागणीनंतर सापाचे नाव घेत नाहीत. ‘जनावर’ म्हणतात, ‘लांबडं’ म्हणतात. देवापुढचा दिवा विझवला असे म्हणत नाहीत. तो ‘शांत’ होतो. याला अंधश्रद्धा म्हणून हसणे सोपे आहे. पण शब्दात काही शक्ती आहे असे मानणाऱ्या समाजाने ती जपणूक केलेली आहे, आणि शब्दाला किंमत नाही असे मानणाऱ्या समाजाने काय मिळविले, हे रोजच्या चर्चांमधून दिसतेच आहे.

संस्कृत कोशकारांनी रात्रीला दिलेली नावे पाहिली म्हणजे एकाच वस्तूकडे किती बाजूंनी पाहता येते ते कळते. विभावरी म्हणजे झळाळणारी. हे मुळात उषेचे विशेषण, ते पुढे चांदण्या रात्रीला लाभले. त्रियामा म्हणजे तीन प्रहरांची. प्रहर वस्तुतः चार, परंतु पहिल्याचा पूर्वार्ध आणि शेवटच्याचा उत्तरार्ध माणसाच्या जागेपणात जातो म्हणून ते दिवसाकडे धरले. रजनी आणि निशा ही नावे आयुर्वेदाने चक्क हळदीला दिली. वैद्य ‘निशा-आमलकी’ देतात तेव्हा त्यात हळद आणि आवळा असतो, रात्र नसते. प्रदोष या शब्दाविषयी तर मोठाच गैरसमज आहे. दोष घालविणारी वेळ म्हणून प्रदोष, असे पुष्कळ जण सांगतात. वास्तविक तो ‘प्र’ आणि ‘दोषा’ यांचा समास आहे, आणि ‘दोषा’ म्हणजे सायंकाळ किंवा रात्र. रात्रीचा आरंभ तो प्रदोष. शर्वरी हेही रात्रीचेच नाव, आणि तिच्यावरून एका संवत्सराचे नाव शार्वरी. शके १९४२ चे ते संवत्सर गुढीपाडव्याला, २५ मार्च २०२० रोजी सुरू झाले. त्याच्या आदल्याच मध्यरात्री कोरोनामुळे देशव्यापी टाळेबंदी लागू झाली होती. साठ संवत्सरांचे चक्र कोणासाठी थांबत नाही आणि त्यातून शकुन काढण्याचेही कारण नाही, पण गुढ्या उभारल्या गेल्या आणि रस्ते मात्र मध्यरात्रीसारखे निर्मनुष्य होते, हे दृश्य त्या वर्षी सर्वांनी पाहिले.

संस्कृत ‘रात्रि’ची प्राकृतात ‘रत्ति’ झाली आणि मराठीत ‘रात’. सप्तचे सत्त आणि सात, हस्तचे हत्थ आणि हात, त्याच वाटेने हे घडले. मराठीने दोन्ही रूपे ठेवली. घरची ती रात, आणि पंक्तीतली ती रात्र. रातकिडा, रातराणी, रातांधळा, रातोरात यांत पहिली. रात्रशाळा, रात्रपाळी यांत दुसरी. रात्रशाळा म्हणताच महात्मा जोतीराव फुले यांचे स्मरण व्हावे. श्रमिकांना दिवसा सवड नसते हे ओळखून १८५५ मध्ये त्यांनी पुण्यात रात्रीची शाळा काढली. पुढे संघाच्या रात्र शाखाही याच सोयीतून उभ्या राहिल्या : दिवसभर दुकानात, कारखान्यात, शेतावर राबणाऱ्याला तोच एक तास मोकळा असतो.

मात्र ‘रात’ दिसली की तेथे रात्र आहेच, असे समजू नये. उपवासाच्या ताटातले रताळे हे ‘रक्तालु’चे रूप, त्यात रंग आहे, काळ नाही. कोकणातल्या रातांब्यातला ‘रात’ही तांबडाच. दिसण्यावरून व्युत्पत्ती सांगण्याचा मोह फार वाईट असतो. सायखेडा या गावाच्या नावात ‘सायम्’ ऐकू येते, म्हणून हे संध्याकाळचे गाव, असे व्यासपीठावरून म्हटले असते तर टाळ्या पडल्या असत्या. दुधावरची साय घेऊन कोणी याहून गोड कथा रचील. ‘खेडे’ हे संस्कृत ‘खेट’वरून आले, एवढे निर्विवाद आहे. पहिल्या अर्ध्यासाठी जुना लेख हवा, दप्तर हवे. इतिहासाचार्य राजवाडे यांनी ग्रामनामांसाठी गावोगाव पायपीट केली आणि जुने कागद जमविले, ते याचसाठी. स्वतःच्या गावाचा अभिमान खोट्या व्युत्पत्तीवर उभा करावा लागावा, इतके गोदाकाठचे हे गाव दरिद्री नाही. २०१६ आणि २०१९ च्या ऑगस्टमधील महापुरांत सायखेडा आणि चांदोरीत पाणी शिरले. वैऱ्याची रात्र कशाला म्हणतात हे त्या वेळी येथे कळले, आणि पाणी ओसरल्यावर बाजारपेठ पुन्हा उभी राहिली. तो इतिहास कागदावर लिहून ठेवण्याजोगा आहे.

आजकाल भ्रमणध्वनीवर दर रात्री ‘शुभ रात्री’चे संदेश येतात. मराठीत ‘रात्री’ म्हणजे ‘रात्रीच्या वेळी’. म्हणून ‘शुभ रात्र’ म्हणावे, किंवा संस्कृतच हवे असेल तर ‘शुभरात्रिः’ म्हणावे. मूळ कल्पना इंग्रजीची, कारण जुन्या घरांत ‘निजा आता, देवाचं नाव घ्या’ एवढे पुरत असे. गंमत अशी की दूरच्या थायलंडमध्ये लोक निजताना एकमेकांना ‘रात्री सवत्’ म्हणतात. ते ‘रात्रि’ आणि ‘स्वस्ति’ या दोन संस्कृत शब्दांचे थाई रूप आहे. जे सायखेड्यात इंग्रजीवरून भाषांतर करून घ्यावे लागले, त्याला बँकॉकने सरळ संस्कृतातून घडविले.

विजयादशमीनंतर पाच दिवसांनी पौर्णिमा येते. ‘को जागर्ति’, कोण जागे आहे, या दोन शब्दांवरून तिचे नाव कोजागरी. त्या दिवसांत नाशिक जिल्ह्यातील आणि खानदेशातील हजारो कावडवाले खांद्यावर नद्यांचे पाणी घेऊन सप्तशृंग गडाची वाट चालतात. ऊन टाळायचे म्हणून पुष्कळसे अंतर रात्रीच तोडले जाते. वाटेवरची गावे त्यांच्यासाठी जागी असतात, चहा ठेवतात, फराळ देतात, आणि पहाटेच्या दवात भिजलेल्या कावडी पुढे निघतात.